नगरसेवक बेंजामिन फ्रँकलिन

बेंजामिन फ्रँकलिन हे नाव उच्चारले की वादळी आभाळाखाली पतंग उडविणारा एक मनुष्य आपल्या डोळ्यांपुढे उभा राहतो. क्रमिक पुस्तकांतील त्या चित्राने त्याला अजरामर केले हे खरे; परंतु त्याच चित्राने त्याचे दुसरे एक मोठे कार्य झाकून टाकले आहे. आकाशातील विजेकडे वळण्यापूर्वी कितीतरी वर्षे हा मनुष्य एका शहराच्या गल्लीबोळांत, तेथील चिखलात, अंधारात आणि धुराड्यांच्या काजळीत लक्ष घालीत होता. रात्री दिवा मालवून झोपलेल्या माणसाला सकाळी आपले घर जागेवर दिसावे, एवढ्या साध्या गोष्टीसाठी किती उठाठेव करावी लागते हे त्याच्या चरित्राच्या या भागात दिसते. तो भाग येथे सांगावयाचा आहे. अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धातील त्याची कामगिरी, फ्रान्सच्या दरबारातील वकिली, या गोष्टी इतरत्र पुष्कळ ठिकाणी वाचावयास मिळतात.

फ्रँकलिनचा जन्म १७ जानेवारी १७०६ रोजी बोस्टन शहरी झाला. बाप मेणबत्त्या व साबण तयार करून विकणारा. घरात सतरा मुले, त्यांतला हा पंधरावा. शाळा दोन वर्षांतच सुटली. बाराव्या वर्षी थोरल्या भावाच्या छापखान्यात तो उमेदवार म्हणून लागला. १७२१ साली बोस्टनमध्ये देवीची भयंकर साथ आली. देवीच्या फोडातील लस निरोगी माणसाला टोचली तर येणारा आजार सौम्य असतो आणि पुढे तो मनुष्य सुरक्षित राहतो, ही गोष्ट त्या वेळी तेथे नवीनच होती. तीवरून शहरात मोठे रण माजले. फ्रँकलिनच्या भावाचे वृत्तपत्र टोचण्याच्या विरुद्ध बाजूस होते आणि त्या विरोधाचे खिळे जुळविण्यात या पंधरा वर्षांच्या पोराचा हात होता. हा प्रसंग वाचकांनी ध्यानात ठेवावा. त्याचा संबंध पुढे येणार आहे.

भावाशी पटेना म्हणून सतराव्या वर्षी तो घरातून पळाला आणि १७२३ साली फिलाडेल्फियास पोहोचला. हे शहर विल्यम पेन याने १६८२ साली वसविले होते. लंडन शहराची राखरांगोळी करणारी १६६६ ची आग पेनच्या पिढीने पाहिली होती. म्हणून आपले शहर रुंद रस्त्यांचे, घराभोवती बाग असलेले, कधीही न जळणारे असावे अशी त्याची कल्पना होती. कल्पना उत्तम, पण व्यापार वाढला तसे लोक नदीकाठीच दाटी करून राहू लागले. मोठमोठे चौक पाडून त्यांत गल्ल्या निघाल्या, गल्ल्यांत लाकडी छपऱ्या उठल्या, धक्क्यावर डांबर, दारू, ताग आणि इमारती लाकूड यांच्या वखारी एकमेकींस खेटून उभ्या राहिल्या. कागदावर न जळणारे शहर प्रत्यक्षात काडी लावण्याच्या बेताचे होऊन बसले.

१७३० साली धक्क्यावर लागलेल्या आगीत अनेक वखारी व घरे भस्म झाली. फ्रँकलिन तेव्हा चोवीस वर्षांचा होता. स्वतःचा छापखाना त्याने उभा केला होता आणि ‘पेन्सिल्व्हेनिया गॅझेट’ हे वृत्तपत्र नुकतेच विकत घेतले होते. आगीची बातमी देताना त्याने केवळ हळहळ व्यक्त केली नाही. चांगले बंब असते तर ही आग आटोक्यात आली असती, असे त्याने लोकांना दाखवून दिले. दोष दैवाचा नसून तयारीचा आहे, हा विचार येथून त्याच्या लिखाणात दिसू लागतो.

१७३५ च्या फेब्रुवारीत त्याच पत्रात आगीसंबंधी एक लांबलचक पत्र प्रसिद्ध झाले. लिहिणारा कोणी थकलेला म्हातारा नागरिक होता. हात चालत नाहीत, बादली उचलवत नाही, तेव्हा निदान सल्ला तरी द्यावा, असा त्याचा सूर होता. हा म्हातारा म्हणजे एकोणतीस वर्षांचा धडधाकट फ्रँकलिन! तरुण संपादकाचा उपदेश लोक मनावर घेत नाहीत, म्हाताऱ्याचा घेतात, हे त्याने ओळखले होते. त्या पत्रात मोठे तत्त्वज्ञान नाही. फावड्यावर उघडे निखारे घेऊन एका खोलीतून दुसरीत जाऊ नका, ठिणगी जिन्याच्या फटीत पडली तर मध्यरात्री कळते आणि मग खिडकीतून उड्या घ्याव्या लागतात. शेगडीच्या कडेला लाकडाची नक्षी करू नका. धुराडी साफ करणाऱ्यांना शहराच्या मुख्याधिकाऱ्याने परवाने द्यावेत आणि साफ केल्यापासून ठरावीक दिवसांच्या आत धुराड्याने पेट घेतला तर त्यांना दंड करावा – अशा बारीकसारीक सूचना त्यात आहेत. शेवटी बोस्टन शहरी शेजारी-शेजारी मिळून आग विझविण्याची मंडळे चालवितात, तशी येथे का असू नयेत, असा प्रश्न होता. आगीच्या वेळी धावून येणारे लोक फिलाडेल्फियात कमी नव्हते. कमी होती ती शिस्त. कोणी शिडी आणावी, कोणी सामान बाहेर काढावे आणि काढलेल्या सामानावर कोणी नजर ठेवावी, हे कोणालाच ठाऊक नसे.

पत्रावर चर्चा झाली, मंडळीही जमू लागली. पण प्रत्यक्ष मंडळ स्थापन व्हावयास १७३६ चा डिसेंबर उजाडला. त्याच्या आधीच्या महिन्यात फ्रँकलिनच्या घरी काय घडले ते सांगितल्यावाचून पुढे जाता येत नाही. त्याला फ्रान्सिस नावाचा चार वर्षांचा मुलगा होता. मोठा गोड, चलाख पोर. १७२१ नंतर फ्रँकलिनचे मत पालटले होते. देवी टोचून घ्याव्यात असे तो आता उघडपणे सांगत असे. मुलालाही तो टोचून घेणारच होता; परंतु पोर पोटाच्या विकाराने अशक्त झाले होते, म्हणून बरे वाटेपर्यंत थांबावे असे ठरले. तेवढ्यात देवीने गाठले आणि २१ नोव्हेंबर १७३६ रोजी फ्रान्सिस गेला. गावात भलतीच वदंता उठली की टोचल्यामुळेच मूल दगावले. दुसरा एखादा बाप दुःखात मौन धरून बसला असता. फ्रँकलिनने आपल्या वृत्तपत्रात जाहीर निवेदन छापले की मुलाला टोचलेले नव्हते, त्याला देवी आल्या त्या नेहमीच्या वाटेने, आणि टोचणे ही हितकारक गोष्ट आहे असेच आपले मत आहे. आपल्या घरच्या मरणाचा दाखला घेऊन दुसऱ्या आईबापांनी भिऊन मागे सरू नये, ही त्यामागील तळमळ होती. ते निवेदन लिहिताना त्याला काय वाटले असेल याचा विचार वाचकांनीच करावा. म्हातारपणी आत्मचरित्र लिहितानाही ही रुखरुख त्याने लपविलेली नाही.

फ्रान्सिसच्या मृत्यूनंतर सोळा दिवसांनी, ७ डिसेंबर १७३६ रोजी, ‘युनियन फायर कंपनी’ स्थापन झाली. कंपनी म्हणजे व्यापारी संस्था नव्हे, शेजाऱ्यांचे मंडळ. सभासद सुमारे तीस. प्रत्येकाने स्वखर्चाने ठरावीक चामडी बादल्या आणि सामान भरण्यासाठी जाड कापडाच्या पिशव्या घरी सदैव तयार ठेवावयाच्या; आगीची आरोळी ऐकताच त्या घेऊन धावावयाचे. कोणी पाणी पुरवावे, कोणी जळत्या घरातील चीजवस्तू पिशव्यांत भराव्यात, कोणी दारात उभे राहून चोरांपासून त्या राखाव्यात, हे आधीच ठरलेले. महिन्यातून एकदा सर्वांनी एकत्र जेवावे आणि आगीविषयी सुचलेले विचार एकमेकांस सांगावेत. गैरहजर राहील त्याला दंड. या दंडाच्या पैशांतूनच पुढे बंब, शिड्या व आकडे खरेदी झाले. माणसाच्या आळसातून सुद्धा सार्वजनिक उपयोगाची वस्तू कशी काढावी हे फ्रँकलिनला चांगले जमत असे!

मंडळाची कीर्ती झाली तसे पुष्कळ लोक सभासद होण्यास आले. तीसांचे शंभर करणे सोपे होते. पण मोठ्या गर्दीत कोणाचीच जबाबदारी राहत नाही, म्हणून त्यांना सांगण्यात आले की तुम्ही आपले वेगळे मंडळ काढा. तसे दुसरे निघाले, तिसरे निघाले, आणि काही वर्षांत शहरातील बहुतेक घरमालक कोणत्या ना कोणत्या मंडळात होते. आत्मचरित्राचा हा भाग फ्रँकलिनने पन्नास वर्षांनी लिहिला, तेव्हा पहिल्या मंडळापैकी तो स्वतः आणि त्याच्याहून वर्षाने मोठा असलेला दुसरा एक गृहस्थ एवढेच हयात होते. पण मंडळ चालू होते, आणि दरम्यानच्या काळात एका आगीत एकदोन घरांहून अधिक घरे गेली नाहीत असे त्याने समाधानाने नमूद केले आहे. पुष्कळदा तर आग लागलेले घर अर्धे जळण्यापूर्वीच ज्वाळा विझत.

आता रात्रीच्या पहाऱ्याकडे वळू. फिलाडेल्फियात पहारा असा असे: प्रत्येक पेठेच्या कॉन्स्टेबलाने पाळीपाळीने काही घरमालकांना रात्री गस्तीसाठी बोलवावयाचे. ज्यांना यावयाचे नसेल त्यांनी वर्षाला सहा शिलिंग भरावेत. त्यांतून बदली माणूस नेमावा. बदलीला इतके पैसे लागत नसत. मग उरलेले जात कोठे? कॉन्स्टेबलाच्या खिशात. थोड्याशा दारूच्या आशेने तो गावातील टवाळ पोरे गोळा करी. त्यांच्या शेजारी उभे राहणे अब्रूदार गृहस्थास नकोसे वाटे, म्हणून तो सहा शिलिंग भरून मोकळा होई. गस्त घालण्याऐवजी मंडळी रात्रभर पीत बसत. चोराला याहून अधिक सोयीचे काय असणार?

ही अव्यवस्था सर्वांनाच दिसत होती. फ्रँकलिनला तिच्यातला अन्याय दिसला. कर माणशी सारखा होता. एखाद्या गरीब विधवेच्या घरात राखण्याजोगे सगळे मिळून पन्नास पौंडांचे असेल, तिनेही सहा शिलिंग द्यावेत. आणि ज्याच्या वखारीत हजारो पौंडांचा माल आहे त्या सावकारानेही सहाच द्यावेत! राखण कोणाची होते आणि पैसा कोणाचा जातो, हा प्रश्न त्याने आपल्या मित्रमंडळात निबंध वाचून मांडला. पगारी, लायक पहारेकरी नेमावेत आणि त्यांचा खर्च प्रत्येकाच्या मालमत्तेच्या मानाने वसूल करावा, असा त्याचा तोडगा. हे विचार लगेच कायद्यात उतरले नाहीत. लोकांची मने तयार व्हावयास बरीच वर्षे लागली. अखेर १७५१ च्या सुमारास पहारा व रस्त्यावरील दिवे यांसंबंधीचा कायदा झाला, तोपर्यंत त्या मंडळातील तरुण शहरातील वजनदार माणसे बनले होते. सुधारणा कधी कधी सुधारकांच्या वयाबरोबर वाढते ती अशी.

दिव्यांची गोष्ट मोठी मजेदार आहे. आपल्या दारापुढे प्रथम दिवा लावून दाखविला तो जॉन क्लिफ्टन नावाच्या एका साध्या नागरिकाने. ते श्रेय लोक फ्रँकलिनला देत, पण त्याने ते ज्याचे त्याला परत केले आहे. फ्रँकलिनने पुढे काय केले? लंडनहून येणारे गोल काचेचे दिवे घेऊन त्याने ते न्याहाळले. खालून हवा जाण्यास वाट नाही, म्हणून धूर आतच कोंडतो, काजळी धरते आणि थोड्याच वेळात दिवा असून नसल्यासारखा होतो. शिवाय गोलाला धक्का लागला की सगळाच फुटतो. त्याने चार सपाट काचांचा दिवा सुचविला, वर धूर ओढून घेणारे लांब नळकांडे, खाली हवेसाठी फटी. दिवा पहाटेपर्यंत स्वच्छ जळे. एखादी काच फुटली तर तेवढीच बदलावी. लंडनसारख्या राजधानीला हे का सुचले नसावे याचे त्याला नवल वाटे. आम्हांसही वाटते.

रस्त्यांच्या बाबतीतही तसेच. त्याचे घर बाजाराजवळ होते. पावसाळ्यात बायामाणसे घोट्याएवढ्या चिखलातून भाजी आणावयास जात आणि उन्हाळ्यात धूळ खात. त्याने प्रथम बाजारापुरती फरसबंदी करवून घेतली. मग एका गरीब, कष्टाळू माणसाला शोधून घरटी महिना सहा पेन्सवर आठवड्यातून दोनदा झाडण्याचे काम दिले. स्वच्छ रस्त्याची गोडी लागल्यावर साऱ्या शहराच्या फरसबंदीसाठी कर देण्यास लोक आपण होऊन तयार झाले.

प्रत्येक डाव त्याने जिंकला असे मात्र नाही. शहरातून वाहणाऱ्या डॉक क्रीक नावाच्या ओढ्याच्या काठी कातडी कमावण्याचे कारखाने होते. त्यांची घाण ओढ्यात पडून तो तुंबत असे. दुर्गंधी सुटे, आणि आगीच्या वेळी ओढ्याचे पाणी मिळेनासे होई. १७३९ साली फ्रँकलिन व त्याच्या शेजाऱ्यांनी हे कारखाने हलवावेत असा अर्ज प्रांतिक विधानसभेकडे केला. कारखानदारांनी आरडाओरडा केला की हा आमच्या धंद्याच्या स्वातंत्र्यावर घाला आहे. एका वृत्तपत्राने त्यांची बाजू उचलली. शेवटी कारखाने राहिले, घाणही राहिली. एखाद्याच्या हक्काची हद्द शेजाऱ्याच्या नाकापाशी संपते की नाही, हा वाद तेव्हापासून कोणत्या शहरात मिटला आहे?

१७४७ साली संकट बाहेरून आले. इंग्लंडचे फ्रान्स व स्पेनशी युद्ध चालू होते. शत्रूची लुटारू जहाजे डेलावेअर नदीच्या मुखातून आत शिरून काठची घरे लुटू लागली. फिलाडेल्फियाला ना तटबंदी ना तोफा. विधानसभेत क्वेकर पंथाचे बहुमत होते. शस्त्र धरणे त्यांच्या धर्माविरुद्ध, म्हणून संरक्षणाला पैसा मंजूर होईना. दुसऱ्या बाजूचे श्रीमंत व्यापारी म्हणत, क्वेकरांची घरे वाचावीत म्हणून आम्ही का खर्च करावा? फ्रँकलिनने एक पुस्तिका काढून दोघांनाही खडसावले आणि मधल्या स्तरातील कारागीर-दुकानदारांना हाक दिली: सरकार करीत नाही तर आपण एकमेकांशी करार करून नागरिकांचे दल उभारू. पहिल्याच मोठ्या सभेत पाचशेहून अधिक सह्या झाल्या. पुढे प्रांतभर मिळून दहा हजारांच्या आसपास लोक सामील झाले असे तो सांगतो. तोफांसाठी सोडत काढून पैसा उभा केला. न्यूयॉर्कच्या गव्हर्नराकडे तोफा उसन्या मागावयास मंडळी गेली, तर त्याने प्रथम साफ नकार दिला. जेवणाच्या वेळी मद्याचे पेले फिरू लागले तसा तो सहा तोफांवर आला, मग दहा आणि अखेर अठरा! दलाने फ्रँकलिनला कर्नल निवडले. आपण त्या जागेस योग्य नाही म्हणून त्याने ते नाकारले आणि साध्या शिपायाप्रमाणे आपल्या पाळीची रात्र तोफांपाशी पहारा करून काढली.

याच सुमारास आगीच्या मंडळात एक नाजूक प्रसंग आला. शिल्लक साठ पौंड त्या सोडतीत घालावेत असा प्रस्ताव होता. पण तीस सभासदांत बावीस क्वेकर. प्रस्ताव पडणार असे वाटत होते. फ्रँकलिनने एका मित्राशी थट्टेने बेत केला होता की न जमल्यास आपण बंब घेण्याचा ठराव आणू, त्याला कोण नको म्हणणार, आणि मग एक मोठी तोफ घेऊ; तीही आग ओकणारे यंत्रच की! त्याची गरज पडली नाही. सभेच्या वेळी विरोधासाठी एकच क्वेकर हजर झाला. बाकीचे घरी बसून राहिले. तोंडाने संमती देता येत नाही आणि मनातून शहर वाचावे असे वाटते, अशा भल्या माणसांची अडचण फ्रँकलिनने समजून घेतली; त्यांना खिजविले नाही.

वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी, १७४८ साली, छापखान्याचा कारभार भागीदारावर सोपवून तो मोकळा झाला. त्याच वर्षी तो नगरसभेवर निवडला गेला. पुढच्या वर्षी न्यायाधिकारी, १७५१ साली आल्डरमन म्हणजे नगरवृद्ध आणि विधानसभेचा सभासद. न्यायासनावर मात्र तो फार दिवस बसला नाही. आपले कायद्याचे ज्ञान तुटपुंजे आहे हे जाणून तो तेथून हळूच दूर झाला. मिळालेली खुर्ची या कारणास्तव सोडणारे पुढारी विरळाच.

विधानसभेत त्याने डॉक्टर बाँड यांच्या रुग्णालयाची योजना तडीस नेली. खेड्यांतील सभासद म्हणत, शहराच्या दवाखान्याला आम्ही पैसा का द्यावा? फ्रँकलिनने विधेयक असे रचले की वर्गणीने दोन हजार पौंड आधी जमले तरच सरकारने दोन हजार द्यावेत. इतके पैसे जमणारच नाहीत अशा समजुतीने विरोधकांनी उदार होऊन मत दिले, आणि प्रत्येक वर्गणीदाराला वाटले की आपला पौंड दुप्पट होतो आहे. पैसे जमले. या लबाडीबद्दल मनाला टोचणी फारशी लागली नाही, असे त्याने स्वतःच कबूल केले आहे! १७५२ साली आगीच्या मंडळांनी मिळून घरांच्या विम्याची संस्था काढली. एकमेकांत गुंतलेल्या चार हातांचे तिचे चिन्ह विमा उतरविलेल्या घरांवर लावीत. विमा देण्यापूर्वी घर नीट तपासले जाई. त्यामुळे घरे बांधण्याची रीतच सुधारू लागली. ही संस्था अद्याप चालू आहे.

पतंगाचा प्रयोग याच १७५२ सालचा. आता त्या प्रयोगाकडे पुन्हा पाहा. वीज म्हणजे विद्युत् होय हे सिद्ध झाल्यावर फ्रँकलिनला प्रथम सुचले ते घर कसे वाचवावे हे. १७५३ च्या आपल्या पंचांगात त्याने घरावर टोकदार लोखंडी सळई कशी उभारावी व तिचे दुसरे टोक ओलसर जमिनीत कसे न्यावे, याची साधी कृती छापली. तिच्यावर हक्क सांगितला नाही, दाम मागितला नाही. गिरणीच्या धुराड्यावर किंवा देवळाच्या शिखरावर आपण जी सळई पाहतो, तीही आगीच्या बादल्यांच्याच वंशातली आहे.

१७५७ साली तो प्रांताचा वकील म्हणून लंडनला गेला. सरहद्दीवरील लढाईसाठी विधानसभेने सर्वांच्या जमिनीवर कर बसविला होता. पण शहर वसविणाऱ्या पेनचे वारस आपल्या अफाट जमिनीवर एक कवडीही देण्यास तयार नव्हते. सहा शिलिंगांच्या त्या विधवेचाच हा दावा, फक्त प्रतिवादी मोठा. १७६० साली काही अटींवर का होईना, पेन घराण्याची मोजणी झालेली जमीन करास पात्र ठरली.

परत आल्यावर त्याच्या साऱ्या धैर्याची कसोटी लागली. १७६३ च्या डिसेंबरात सरहद्दीवरील गोऱ्या वसाहतवाल्यांच्या टोळीने कोनेस्टोगा येथील निरुपद्रवी इंडियन लोकांवर हल्ला करून सहाजणांना मारले. वाचलेल्या चौदाजणांना लँकेस्टर येथे सरकारी आश्रय दिला होता, तर तेथे घुसून त्यांनाही बायकामुलांसह कापून काढले. कोठल्यातरी इंडियनांनी आपल्या लोकांना मारले म्हणून हाती सापडतील त्या इंडियनांना मारावयाचे, असा हा न्याय. फ्रँकलिनने ताबडतोब पुस्तिका लिहून मेलेल्या माणसांची नावे व वये जगापुढे मांडली आणि मारणाऱ्यांची निर्भर्त्सना केली. दुसरे सुमारे एकशेचाळीस ख्रिस्ती झालेले इंडियन फिलाडेल्फियाच्या आश्रयाला आले होते. त्यांच्यासाठी १७६४ च्या फेब्रुवारीत काही शेकडा हत्यारबंद लोक शहरावर चालून आले. गव्हर्नर मध्यरात्री फ्रँकलिनच्या दारी धावला. फ्रँकलिनने नागरिकांना शस्त्रे घेऊन उभे केले. काही तरुण क्वेकरांनीही त्या रात्री बंदुका हाती धरल्या. मग तो इतर तिघांबरोबर जर्मनटाउन येथे जमावासमोर गेला आणि बोलणी करून त्यांना माघारी पाठविले. शहरात रक्त सांडले नाही. आश्रितांचा जीव वाचला.

त्याचे बक्षीस? त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात फ्रँकलिन निवडणूक हरला, तेही अवघ्या पंचवीसएक मतांनी. सरहद्दीकडील लोकांचा राग त्याच्यावर होताच; पेनच्या पक्षाने पैसा व निंदा दोन्ही उधळली; आणि काही वर्षांपूर्वी जर्मन वसाहतवाल्यांविषयी त्याने जे तुच्छतेने लिहिले होते ते विरोधकांनी शोधून काढून जर्मन मतदारांच्या हाती दिले. हा शेवटचा घाव त्याच्याच लेखणीचा होता.

त्याच्या सुरक्षिततेच्या कल्पनेत आणखी एक मोठी फट होती. त्याच शहरात काळ्या गुलामांची खरेदी-विक्री चाले. फ्रँकलिनच्या घरी गुलाम होते. पळालेल्या गुलामांना पकडण्याच्या जाहिराती त्याच्या वृत्तपत्रात पैसे घेऊन छापल्या जात. विधवेवरील सहा शिलिंगांचा अन्याय पाहणाऱ्या दृष्टीला हे दिसावयास आयुष्याचा उत्तरार्ध उजाडला. १७८७ साली तो गुलामगिरीविरोधी संस्थेचा अध्यक्ष झाला आणि मृत्यूपूर्वी दोन महिने त्याच्या सहीने अमेरिकेच्या काँग्रेसकडे गुलामगिरीविरुद्ध अर्ज गेला. उशीर झाला, फार उशीर झाला, असेच म्हणावे लागते.

फ्रान्समधून १७८५ साली तो कायमचा परत आला. वय एकोणऐंशी, मुतखड्याने बेजार. तरी लोकांनी लागोपाठ तीन वर्षे त्याला पेन्सिल्व्हेनियाच्या कार्यकारी मंडळाचा अध्यक्ष केले. आपल्या घराची डागडुजी करताना छपरावरील जुनी सळई खाली काढली, तेव्हा तिचे तांब्याचे टोक बहुतेक वितळून गेलेले आढळले. तो परदेशी असताना केव्हातरी वीज पडली होती आणि घराला काहीही झाले नव्हते. आपल्या शोधाने अखेर आपल्यालाच काही दिले, असे त्याने गमतीने कळविले आहे.

१७ एप्रिल १७९० रोजी, चौऱ्याऐंशी वर्षांचा होऊन तो वारला. पत्नी डेबोरा आणि चार वर्षांचा फ्रान्सिस यांच्या शेजारी त्याला पुरले. अंत्ययात्रेला सुमारे वीस हजार माणसे होती असे सांगतात.

मृत्युपत्रात त्याने बोस्टन व फिलाडेल्फिया या दोन्ही शहरांना प्रत्येकी एक हजार पौंड ठेवले. ते तरुण, विवाहित कारागिरांना माफक व्याजाने कर्जाऊ द्यावेत, व्याजासह वाढू द्यावेत आणि शंभर वर्षांनी त्यातील मोठा भाग शहराच्या कामी लावावा. फिलाडेल्फियासाठी त्याने एक काम सुचविले होते: विसाहिकन ओढ्याचे पाणी नळाने शहरात आणणे. जमीन घरांनी आणि फरसबंदीने झाकली गेली की पावसाचे पाणी मुरत नाही आणि विहिरींचे पाणी हळूहळू दूषित होते, हे त्याच्या ध्यानी आले होते. ज्या फरसबंदीसाठी तो तरुणपणी झटला तिचाच हा परिणाम त्याने म्हातारपणी टिपून ठेवला! शहराला शंभर वर्षे थांबता आले नाही. १७९३ साली पिवळ्या तापाने तेथे सुमारे पाच हजार माणसे मेली. हा ताप डासांमुळे येतो हे तेव्हा कोणासच ठाऊक नव्हते. घाण पाण्यावर संशय गेला, आणि १८०१ साली स्कूलकिल नदीचे पाणी वाफेच्या पंपाने चढवून लाकडी नळांतून घरोघर पोहोचले. रस्त्यांच्या कडेला पाण्याचे खांब उभे राहिले, आणि आगीच्या मंडळांनी विहिरी उपसण्याचे सोडून त्यांना आपले नळ जोडले.